काळ्या मातीवरचं अधरपूर

सांगलीहून निघताना शेजारच्या वहिनींनी विचारलं, विदर्भात नेमकं कुठे? मी म्हणाले, अधरपूरला. संध्याकाळी त्या पुन्हा आल्या. मोबाइलवरच्या नकाशात त्यांना ते सापडलं नव्हतं. सापडणार कसं? अधरपूर हे गाव प्रमिलाताईंनी कागदावर वसवलेलं आहे, आणि लहानपणापासून त्याच तिथल्या एकुलत्या एक वास्तुविशारद आहेत.

पुष्कळ वर्षांपूर्वी पुण्यात त्यांच्या चित्रांचं प्रदर्शन लागलं होतं, तिथे मी हे गाव पहिल्यांदा पाहिलं. खाली भेगाळलेली काळी जमीन, तिच्यावर पऱ्हाटीची (कपाशीची) झाडं, आणि त्यांच्या वर लांबच लांब पायांवर उभी असलेली घरं. पायऱ्या, पूल, घुमट, घराघरांतून वाळत घातलेली लुगडी. चित्रांखाली बारीक अक्षरात गावाचे कायदे लिहिलेले होते. जमीन पिकाची आहे, घरानं तिला टेकू नये. सावली कुणाच्या मालकीची नाही. पावसाळ्यात माती फुगली की घरांनी आपापले पाय लांब करावेत. मी शाळेत मराठी शिकवत असे. त्यातलं एक छापील चित्र आणून वर्गात लावलं आणि मुलांना निबंध घातला, ‘मी अधरपूरला राहायला गेलो तर’. मुलांनी इतकं भन्नाट लिहिलं की ते निबंध मी प्रमिलाताईंना पाठवले. त्यांचा फोन आला, आणि तेव्हापासून आमची फोनवरची मैत्री.

या हिवाळ्यात त्यांचा फोन आला तो वेगळाच. म्हणाल्या, "आमच्या नांदगावात अधरपूरचं एक छप्पर खरोखर उभं राहिलंय. खालचे आधार काढायचे आहेत. या बघायला. पडलं तर पडलेलंही बघाल." त्या हसल्या, पण मला ते हसणं कोरडं वाटलं. मग त्यांनी एक काम सांगितलं. वाटेत बाळापूरला उतरून रज्जाक मिस्त्रींना भेटायचं आणि ते येतात का हे विचारायचं. फोनवर ते नाही म्हणाले होते.

अकोल्याला गाडी पोचली तेव्हा सकाळची थंडी चांगली बोचत होती. आमच्याकडे विदर्भ म्हटलं की ऊन एवढंच माहीत, म्हणून मी स्वेटर घरी ठेवून आले होते. स्टेशनाबाहेर चहा घेताना दात वाजायला लागले. चहावाल्यानं माझ्याकडे पाहून शेगडीजवळचं स्टूल पुढे सरकवलं. म्हणाला, "हे वऱ्हाड होय, म्याडम. इथं दोन्ही भेटते, थंडीबी आन ऊनबी." दुपारी त्याचं म्हणणं पटलं. बाळापूरला एसटीतून उतरले तर डोक्यावर पदर घ्यावा लागला.

बाळापूरचा किल्ला दोन नद्यांच्या मधल्या उंचवट्यावर आहे. आमच्या बाजूचे किल्ले काळ्या दगडाचे आणि डोंगरावर चढलेले. हा सपाट मुलखात उभा आणि वरपर्यंत विटांचा. बुरुजाच्या सावलीत उभं राहून वर पाहिलं की विटांच्या ओळी मोजता मोजता मान दुखायला लागते. ज्या गावात विटांची अशी भिंत रोज नजरेसमोर असते तिथे चांगले मिस्त्री निपजणारच.

रज्जाक मिस्त्रींचं घर विचारत गेले तेव्हा ते ओट्यावर बसून पोपटाला मिरची भरवत होते. साठी ओलांडलेली, दाढी पांढरी, हात मात्र अजून दणकट. पाहुणी बाई कुठून आली कळताच त्यांनी आतून चहा मागवला आणि मी काही बोलायच्या आधीच उठून म्हणाले, चला, एक जागा दाखवतो. चालताना त्यांचा डावा पाय ओढत होता.

गावाबाहेर रस्त्याच्या कडेला एक जोतं होतं. त्यावर शेळ्या बसल्या होत्या. इथे प्रमिलाताईंनी प्रवाशांसाठी कमानींचा एक निवारा बांधायला घेतला होता. कागदावरचं अधरपूर जमिनीवर आणायचा तो त्यांचा पहिला प्रयत्न. मिस्त्रींनीच तो बांधला. पावसाच्या आत पुरा करायची घाई होती, पाया काळ्या मातीतच थांबला, कडक मुरमापर्यंत गेलाच नाही. एक खांब खचला आणि आधार काढताना कमान खाली आली. मिस्त्री तिच्याखाली होते. पाय मोडला, आणि त्यानंतर त्यांनी कमानीच्या कामाला हात लावला नाही.

हे सगळं त्यांनी दुसऱ्याच कुणाचं सांगावं तसं सांगितलं. मी निरोप दिला, तेव्हा मात्र त्यांनी एक शेळी हाकलली, जोत्यावर बसले.

"ताईले मी फोनवर सांगतलं, मले बोलावू नका," ते म्हणाले. "मी आलो न् पडलं, त लोक म्हनतीन मिस्त्री अपशकुनी होय. मी नाई आलो न् पडलं, त मी मले काय म्हनू?"

मी उद्या सकाळी अकोल्याहून अमरावतीच्या बसनं निघणार आहे एवढं सांगून परतले.

सकाळी बसस्टँडवर मी पोचायच्या आधीच ते येऊन बसले होते. पायाशी एक पिशवी, पिशवीतून ओळंबा (बांधकाम सरळ आहे का पाहायची वजनाची दोरी) डोकावत होता. आम्ही शेजारी शेजारी बसलो.

मूर्तिजापूरच्या अलीकडे बस पंक्चर झाली. वाहकानं दुसऱ्या बसला फोन केला आणि सगळे खाली उतरले. रस्त्याला लागूनच तुरीचं शेत होतं, शेंगांनी लगडलेलं. कडेला एक नवरा-बायको शेंगा तोडत होते. त्यांनी आम्हाला उभं पाहून हाक मारली, बसायला पोतं अंथरलं आणि काट्याकुट्यांचा जाळ करून हिरव्या शेंगा त्यात टाकल्या. शेंगा भाजल्या की सोले (तुरीचे ओले दाणे) गोड लागतात. बोटं काळी झाली, ओठ काळे झाले. बाईनं मला विचारलं, तुमच्याकडे तूर नाही का? मी म्हटलं, आहे, पण रस्त्यावर कुणी बोलावून खायला घालत नाही. ती म्हणाली, मंग तूर असून काय फायदा?

जाळाशी बसल्यावर मिस्त्री मोकळे झाले. पाय मोडून ते दवाखान्यात पडले होते तेव्हा प्रमिलाताई रोज येत. पहिले काही दिवस दोघांनाही बोलायला काही सुचेना. मग एका दुपारी त्यांनी पिशवीतून रंग काढले आणि मिस्त्रींच्या पायाच्या प्लास्टरवर अधरपूर काढायला लागल्या. गुडघ्यापासून घोट्यापर्यंत घरं, पूल, जिने. आजूबाजूच्या खाटांवरचे लोक पाहायला येत. रोज नवं घर चढायचं.

"प्लास्टर कापाच्या दिवशी डाक्टरले म्हटलं, साहेब, घरं सांभाळून काप," मिस्त्री म्हणाले, आणि बाळापूरपासून पहिल्यांदा हसले.

दुसऱ्या बसनं अमरावतीला पोचायला दुपार झाली. पोटात नुसते सोले होते. मिस्त्री मला एका हातगाडीवर घेऊन गेले. गिला वडा (दही-चटणी घातलेला उडदाचा मऊ वडा) हा अमरावतीचा खास पदार्थ. गाडीवाल्यानं द्रोणात वडे कुस्करून वर इतकी तिखट चटणी ओतली की माझ्या डोळ्यांतून पाणी आलं. तो म्हणाला, म्याडमले दही जास्त दे रे, आणि मग स्वतःच दही वाढलं. गाडीवर तो एकटाच होता.

यवतमाळच्या रस्त्यानं नांदगाव खंडेश्वरला जाताना जमिनीचा रंग गडद होत जातो. दोन्हीकडे हरभरा, मध्येच संत्र्याची बाग, आणि नांगरून ठेवलेल्या वावरांत (शेतांत) मातीची अशी मोठी ढेकळं की लांबून म्हशी बसल्यासारख्या वाटतात. ओल गेलेल्या रिकाम्या तुकड्यांत भेगा पडायला लागल्या होत्या. त्या मला ओळखीच्या वाटल्या. चित्रात पाहिल्या होत्या.

प्रमिलाताई बसथांब्यावर उभ्या होत्या. इतकी वर्षं आवाजानं ओळखत होते. माणूस माझ्या कल्पनेपेक्षा ठेंगणं निघालं. आखूड पांढरे केस, सुती साडी, पायांत कापडी बूट. त्यांनी मला मिठी मारली आणि माझ्या खांद्यावरून त्यांना मिस्त्री दिसले. त्यांनी पुढे होऊन मिस्त्रींची पिशवी हातातून घेतली. मिस्त्री नको नको म्हणत होते, पण पिशवी घरापर्यंत ताईंनीच धरली.

प्रमिलाताई भावाकडे राहतात. त्यांच्या वहिनी, नलिनीबाई, यांनी रात्री सोलेभात केला होता आणि वर कढी. जेवताना ताईंची गोष्ट त्यांच्याकडून थोडी आणि नलिनीबाईंकडून जास्त कळली. त्या याच घरात वाढल्या. दर उन्हाळ्यात घराच्या भिंतीला भेग पडे आणि त्यांची आई ती शेणमातीनं लिंपी. पावसाळ्यात माती फुगे आणि भेग दुसरीकडे निघे. लहान प्रमिलेनं वडिलांना विचारलं, हे असं काहून होतं? वडील म्हणाले, जमीन चालून राहिली ना माय, घराले चालता येत नाही. मुलीनं विचार केला, मग घराला पाय दिले पाहिजेत. पाटीवर तिनं पहिलं घर काढलं ते त्या दिवशी. पुढे नागपूरला वास्तुकला शिकली, नोकरीत सरकारी वसाहतींचे सारखे दिसणारे ब्लॉक काढले, आणि घरी आल्यावर अधरपूर वाढवत राहिली. तिथे न्यायालय पुलावर भरतं, का तर भांडणाऱ्यांना दोन्ही बाजूंनी यावं लागावं. तिथे शाळेला एकच भिंत आहे, ती फळ्यासाठी. चित्रं मुंबई-पुण्यात लागली, लोकांनी कौतुक केलं. बाळापूरचा निवारा पडला आणि ताईंनी बांधणं सोडून दिलं. चित्रं काढत राहिल्या.

"मग पुन्हा कशा वळलात?" मी विचारलं.

नलिनीबाईंनी उत्तर दिलं. गावचा आठवडी बाजार उघड्यावर भरायचा. पावसाळ्यात भाजीवाल्या बायका गुडघाभर चिखलात, उन्हाळ्यात फुलं तासाभरात कोमेजायची. रुखमाबाई म्हणून एक आहेत, त्यांच्या घरी पिढ्यान्‌पिढ्या फुलं आणि भाजी पिकते. त्या एकदा झेंडूच्या माळा द्यायला घरी आल्या, भिंतीवरचं चित्र बराच वेळ पाहत राहिल्या आणि म्हणाल्या, "ताई, तुमच्या चितरात सावली लय हाय. त्यातली थोडी आमाले द्या ना."

प्रमिलाताई ताटाकडे पाहत होत्या. "इतक्या लोकांनी ती चित्रं पाहिली," त्या म्हणाल्या. "मागितलं कुणी नव्हतं."

दुसऱ्या दिवशी सकाळी आम्ही बाजाराच्या जागेवर गेलो. खंडेश्वराच्या टेकडीवरचं जुनं दगडी देऊळ तिथून दिसतं. आणि त्याच्या अलीकडे, मोकळ्या मैदानात, अधरपूर. एक मोठा बसका घुमट, भाजलेल्या विटांचा, आठ पायांवर उभा. त्याखाली बल्ल्यांचं (लाकडी टेकूंचं) असं दाट जंगल की पलीकडचं दिसत नव्हतं. ताईंनी मला वाकून खाली पाहायला लावलं. पाय काळी माती ओलांडून खालच्या मुरमात रोवले होते. फरशी मातीला टेकलेलीच नव्हती. खाली हात जाईल एवढी फट होती. माती फुगली तर तिला फुगायला जागा. लहानपणी पाटीवर काढलेलं घर हेच होतं, मधली सगळी वर्षं त्याचे पाय किती खोल हवेत हे शोधण्यात गेली होती. नुसते खड्डे खणून माती कशी वागते हे पाहण्यात त्यांनी एक उन्हाळा आणि एक पावसाळा घालवला होता.

गावातले बरेच लोक जमले होते, पण दूर. कुणी घुमटाजवळ येत नव्हतं. बाळापूरची गोष्ट सगळ्यांना माहीत होती. मागून एक जण म्हणालाच की बाईचं चित्र चांगलं असते, घर पडते. ताईंनी ते ऐकलं असावं. त्यांनी साडीचा पदर खोचला.

मिस्त्री एकेका पायाजवळ गेले. ओळंबा लावला, हात ठेवून उभे राहिले, विटांच्या सांध्यांवर नख फिरवून पाहिलं. बांधणारे गवंडी गावातलेच होते, त्यांना मिस्त्री मध्येच काहीतरी विचारत. आठवा पाय झाल्यावर ते ताईंजवळ आले.

"काम चांगलं हाय," ते म्हणाले. "पाचरी मधातून सैल करत भाईर या. एकदम कोनी ठोकू नका." मग म्हणाले, "ताई, तुमी भाईर व्हा."

"मी आतच बसणार आहे, मिस्त्री."

"कावून?"

"त्या वेळी मी बाहेर होते. आत तुम्ही होतात."

मिस्त्रींनी त्यांच्याकडे पाहिलं. माल वाहायची एक पाटी उलटी करून घुमटाखाली ठेवली, ताईंना तिच्यावर बसवलं आणि स्वतः दुसऱ्या पाटीवर शेजारी बसले. पाय लांब करून.

गवंड्यांनी मधल्या बल्ल्यांच्या पाचरी हळूहळू सैल करायला सुरुवात केली. एक फेरी झाली की थांबायचे, ऐकायचे, मग बाहेरची फेरी. मी नलिनीबाईंचा हात धरला होता. अर्ध्याच्या पुढे काम गेलं आणि वरून कुरकुर असा आवाज आला. चुन्याची भुकटी खाली उतरली. गवंडी जागच्या जागी थिजले. लोक मागे सरकले. घुमटाखाली ती दोघं तशीच बसलेली. ताईंनी डोळे मिटले होते. मिस्त्री वर पाहत होते.

"बसून राहिला," मिस्त्री म्हणाले. "बसू द्या त्याले. नवं घर हाय, आपली जागा पाहून घेते."

पुढचा वेळ किती गेला कळलं नाही. मग एक बल्ली आपोआप कलली. तिच्यावर आता भारच नव्हता. गवंड्यानं ती नुसती हातानं उचलून बाहेर नेली. मग दुसरी. मग भराभर. जंगल विरळ होत गेलं आणि घुमटाखालून पलीकडचा हरभरा दिसायला लागला, त्याच्या पलीकडे टेकडी, टेकडीवर देऊळ. शेवटची बल्ली निघाली तेव्हा मघाशी मागून बोललेला गृहस्थच सगळ्यांत आधी आत आला आणि मान वर करून उभा राहिला. कुणी टाळ्या वाजवल्या नाहीत. सगळे एकेक करून आत येत होते आणि वर पाहत होते. ताई पाटीवरून उठल्या नाहीत. रडत होत्या. मिस्त्री त्यांच्या केसांवर पडलेली चुन्याची भुकटी उपरण्यानं झटकत होते.

त्या संध्याकाळी मैदानात रोडगे (गोवऱ्यांच्या निखाऱ्यावर भाजलेले कणकेचे गोळे) आणि वांग्याची भाजी झाली. मी एका रोडग्यात गार झाले. नलिनीबाई दुसरा वाढायला आल्या, तेव्हा पान झाकावं लागलं. गावकऱ्यांचं उद्घाटनाबद्दल बोलणं चाललं होतं. कुणाला बोलवायचं, फीत कुठे बांधायची, भिंती नाहीत तर दार कुठलं समजायचं. ताई म्हणाल्या, खरी परीक्षा पावसाळ्यात आहे, घाई करू नका.

पण दुसऱ्या दिवशी बाजाराचा वार होता. मी निघायची तयारी करून ताईंबरोबर मैदानावर गेले तर घुमट भरलेला. मेथी, सांभार (कोथिंबीर), टोमॅटो, वांगी, झेंडूचे ढीग. फीत नव्हती, पाहुणे नव्हते. बायकांनी पहाटेच येऊन जागा धरल्या होत्या आणि दोन जणींचं त्यावरून भांडणही सुरू झालं होतं. ताई बाहेर उन्हातच थांबल्या. आत जायला त्यांचं पाऊल उचलेना. स्वतःच्याच गावात जायला त्या संकोचल्या होत्या.

रुखमाबाईंनी आतून पाहिलं. "ताई, उनात काहून उभ्या? या ना, जागा हाय."

त्यांनी आपलं पोतं सरकवलं. ताई आत गेल्या आणि झेंडूच्या ढिगाशेजारी मांडी घालून बसल्या. भांडणाऱ्या दोघींनी त्यांनाच न्याय करायला सांगितलं.

परतीच्या बसमध्ये मिस्त्री माझ्याबरोबर होते. मी खिडकीतून भेगाळलेली जमीन पाहत होते. मी इतकी वर्षं समजत होते की प्रमिलाताईंनी अधरपूर रचलं ते या जमिनीपासून दूर जाण्यासाठी. मुलांच्या निबंधांतही मी तसंच वाचत आले. या मातीशी भांडण न करता तिच्यावर राहता यावं म्हणून बाईंनी आयुष्यभर चित्रं काढली, हे मला नांदगावात त्या घुमटाखाली बसल्यावर कळलं. कल्पना करणाऱ्या माणसाचं जमिनीवर किती प्रेम असू शकतं, हे मी मुलांना कधी शिकवलं नव्हतं.

बडनेरा स्टेशनात गाडी येईपर्यंत आम्ही बाकावर बसलो. मिस्त्रींना अकोल्याला उतरायचं होतं, मला पुढे रात्रभर जायचं होतं. मी त्यांना विचारलं, आता घरी जाऊन आराम का?

ते पिशवीतला ओळंबा काढून त्याची दोरी नीट गुंडाळत होते. म्हणाले की निघताना ताईंनी विचारलं, बाळापूरच्या जोत्याचं काय करायचं.

"मग तुम्ही काय म्हणालात?"

"मी म्हटलं, ताई, तुमी कागद मंग काढा," मिस्त्री म्हणाले. "आदी मी गड्डा खोदतो. मुरूम लागला का फोन करतो."